चुऱ्याचं माप

रुथबाईंच्या आईनं मरताना सोनं वाटलं नाही, नाताळचा केक वाटला. सुक्या मेव्याच्या केकची कृती थोरल्या रुथला दिली आणि त्यावरच्या कुरकुरीत चुऱ्याचं माप धाकट्या मार्थाला. वर्षातून एकदा तरी दोघी एकमेकींचं तोंड बघतील, एवढीच त्या माउलीची आशा. मग चाळीस वर्षं मार्था डिसेंबरात डबाभर चुरा घेऊन अमरावतीहून अकोल्याला येई, केकवर पसरी आणि चहा न घेता परत जाई. माप तिनं कधी सांगितलं नाही, रुथबाईंनीही विचारलं नाही.

यंदा मार्था अमरावतीच्या दवाखान्यात पडली. रुथबाई भेटायला गेल्या, खाटेजवळ बसल्या आणि पर्समधून वही काढली.

मार्था त्या वहीकडे बघत राहिली. "मी आता उठत नाही, म्हणून विचारून राहिली ना, ताई?"

रुथबाईंनी पेनचं टोपण काढलं.

"लिही," मार्था म्हणाली. "मैदा दोन वाट्या, साखर एक, लोणी दीड."

चौथ्या दिवशी तिची माती झाली.

नाताळच्या आदल्या दिवशी रुथबाईंनी केकचा डबा जठारपेठेतल्या भट्टीवर भाजायला नेला. बाहेर आला तेव्हा चुरा वितळून आत बसला होता आणि वर नुसता तुपकट लगदा. रुथबाईंनी वही काढून मार्थानं सांगितलेलं माप वाचून दाखवलं.

"लोणी लय झालं, बाई," भट्टीवाले बशीरभाई म्हणाले. "एवढ्या मैद्याले पाऊण वाटी पुरे. सांगणारी चुकली असन."

रुथबाईंनी वही मिटली.

"मार्था मापात कधी चुकली नाही," त्या म्हणाल्या.