चौथं प्रकरण नसलेला प्रबंध

मी एक प्रबंध. दोनशे चौऱ्याऐंशी पानांचा, काळ्या रेक्झिनच्या बांधणीतला. पाठीवरची सोनेरी अक्षरं निम्मी उडालीत, त्यामुळे माझं नाव वाचायचं तर मान वाकडी करून अंदाज बांधावा लागतो. मीच सांगतो: ‘अठराव्या शतकातील इंग्रजी कादंबरी आणि तिची समीक्षा: ओळखीचा प्रश्न’. ऐकून जांभई आली असेल तर येऊ द्या. एकोणीस वर्षं मी तीच जांभई बघत आलोय.

विद्यापीठाच्या ग्रंथालयात प्रबंध विषयवार नाही, वर्षवार लावतात. म्हणून माझ्या एका बाजूला शेवाळ आणि दुसऱ्या बाजूला सांडपाण्याचं शुद्धीकरण. दोघांनाही माझ्याशी बोलण्यासारखं काही नव्हतं. मलाही नव्हतं.

मला लिहिणारी शाळेत इंग्रजी शिकवायची. शाळा दुपारची, म्हणून सकाळी खिडकीपाशी घडीचं टेबल उघडून ती बसायची. सगळे तिला बाई म्हणत, मीही तेच म्हणतो. दोन खोल्यांचं घर. नवरा आंघोळीला गेला की बाईंची पहिली ओळ सुरू व्हायची आणि तो डबा घेऊन बाहेर पडेपर्यंत जेमतेम एक परिच्छेद व्हायचा. मागे कॉटवर आई कपड्यांच्या घड्या घालत बसलेली असायची. आईंनी उभा जन्म दुसऱ्यांच्या घरी स्वयंपाक आणि धुणीभांडी करून लेकीला शिकवलं होतं.

आईंना इंग्रजी येत नव्हतं, पण गोष्ट ऐकायला त्यांना फार आवडायचं. लेक काय वाचते ते त्या विचारायच्या आणि बाई सांगायच्या. रस्त्यावर टाकून दिलेलं पोर शेवटी बड्या घरचं निघतं. मुलगी खोलीत कोंडलेली असते आणि तिथून पानंच्या पानं पत्रं लिहिते. मुखवटे घातलेल्या नाचात कोण कोणाचं हेच कळत नाही. सगळ्यांना एकच प्रश्न पडलेला: मी कोण? आणि दोनशे वर्षं समीक्षक त्यावर भांडतायत. माणूस रक्ताने ठरतो, लोकांच्या नजरेने ठरतो, की एकटा बसून लिहितो त्यातून ठरतो?

बाईंचं उत्तर तिसरं होतं. नायिका एकटी बसून पत्र लिहिते तेव्हाच ती स्वतःला सापडते. माझं तिसरं प्रकरण म्हणजे हेच. त्यात दोन वर्षं गेली. एकेक परिच्छेद पाच-पाच वेळा खोडला गेला. मला अजून तिथे दुखतं.

एका सकाळी बाई अशीच एक गोष्ट सांगत होत्या. श्रीमंत घरची मुलगी, तिची पत्रं लपवून नेणारी मोलकरीण. नवीन आलेल्या त्या मोलकरणीला मालकीण आधीच्या मोलकरणीच्याच नावाने हाक मारते, उगाच नवं नाव लक्षात ठेवायला नको म्हणून. बाई हे ओघात सांगून पुढे चालल्या होत्या. आईंनी थांबवलं.

“तिचं खरं नाव काय?”

बाईंनी पानं उलटली. पुढची, मागची. पुस्तकात कुठेच नव्हतं.

“मलाही तीन घरांत तीन नावं होती,” आई उशीचा अभ्रा झटकत म्हणाल्या. “एका घरी तर आधीच्या कामवालीचंच चालू ठेवलं. हाक आली की मी ओ द्यायचे.”

बाईंनी पेन खाली ठेवलं. सदतीस वर्षांत हे त्यांना ठाऊकच नव्हतं. कोणती नावं, म्हणून त्यांनी विचारलं. आईंनी दोन सांगितली. तिसरं सांगितलं नाही, आणि बाईंनीही पुन्हा छेडलं नाही.

माझं चौथं प्रकरण तिथे जन्माला आलं. एक्केचाळीस पानं, अकरा आठवड्यांत. पत्रं नेणाऱ्या, दारं उघडणाऱ्या, शेगडी पेटवणाऱ्या बायका. त्यांना कोण कोणत्या नावाने हाक मारतं आणि त्या ओ कशी देतात. खोडाखोड जवळजवळ नाहीच. बाकीची पानं अभ्यासाने झाली. ती एक्केचाळीस मात्र माझी खरी जीवाची.

आता सरांविषयी. सर म्हणजे बाईंचे मार्गदर्शक. त्यांचं या विषयावरचं पुस्तक सगळीकडे अभ्यासक्रमाला लावलेलं होतं. माणूस वाईट नव्हता, हे मला सांगायलाच हवं. स्वतःच्या कपाटातली पुस्तकं त्यांनी बाईंना वर्षानुवर्षं वापरू दिली, कधी परत मागितली नाहीत. पण त्यांच्या पुस्तकाचा कणा असा होता की ‘मी कोण’ हा प्रश्न ज्याच्यापाशी गमावण्यासारखं काही आहे त्यालाच पडतो. माझ्या चौथ्या प्रकरणाचा घाव त्या कण्यावरच बसला होता, आणि बऱ्यापैकी जोरात.

त्यांनी ते सहा महिने ठेवून घेतलं. परत दिलं तेव्हा त्यावर पेन्सिलीची एकही खूण नव्हती.

“प्रकरण चांगलं आहे, पण या प्रबंधाचं नाही,” ते म्हणाले. “मोलकरणीला ओळखीचा प्रश्न पडत नाही. तिला कामाचा पडतो.”

“तिला पडला नाही, सर, की तिला कुणी विचारला नाही?”

सरांनी चष्मा काढून पुसला. तेवढंच. पण त्यानंतर सही लांबत गेली. आज बैठक, उद्या परगावी, परवा प्रकृती. बाईंच्या नोंदणीला दोनदा मुदतवाढ मिळून झाली होती, तिसरी मिळणार नव्हती. महिनाअखेरीला सहा दिवस उरले तेव्हा बाई सकाळी नेहमीसारख्या टेबलाशी बसल्या, माझी पिन सोडवली आणि ती एक्केचाळीस पानं बाहेर काढली. एकदम काढली, थांबल्या नाहीत. पाचवं प्रकरण चौथं झालं. टंकलेखकाने पानांचे आकडे पुन्हा घातले. आकडे सलग झाले. मी झालो नाही.

त्या संध्याकाळी आईंनी विचारलं, “झालं का गं त्या पोरीचं?” त्यांच्या मनात ती मोलकरीण होती.

“झालं,” बाई म्हणाल्या.

मौखिक परीक्षेला मी टेबलावर मधोमध होतो. बाहेरून आलेल्या परीक्षक म्हणजे एक वयस्क प्राध्यापिका. माझ्यात त्यांनी कागदाच्या पट्ट्या घालून ठेवल्या होत्या. आजवर मला पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचणारी ही पहिलीच व्यक्ती. मला किती बरं वाटलं म्हणून सांगू. खूप काही विचारून झालं आणि त्यांनी चष्म्यावरून बाईंकडे पाहिलं.

“पत्र लिहिलं जातं, पण ते पोचवणाऱ्या बायका तुमच्या प्रबंधात कुठेच नाहीत. का?”

बाईंनी सरांकडे पाहिलं. सरांनी कपातल्या चहाकडे. मला तोंड असतं तर मी तिथेच बोंब मारली असती.

“राहून गेलं,” बाई म्हणाल्या.

परीक्षकांनी मान डोलावली, काहीतरी टिपून घेतलं. सर म्हणाले, मुद्दा चांगला आहे, पुढच्या कुणी संशोधकाने घ्यावा. पदवी मिळाली. सगळ्यांनी हात मिळवले. पुढच्या वर्षी आई गेल्या. मी तिसऱ्या मजल्यावर शेवाळाशेजारी जाऊन उभा राहिलो.

तिथून पुढे मी माणसांविषयी जे शिकलो ते फारसं चांगलं नाही. प्रबंध कुणी वाचत नाही, चाळतात. आधी ऋणनिर्देश बघतात, कुणी कुणाचे आभार मानलेत म्हणून. मग समासाची रुंदी मोजतात. मग संदर्भसूचीपाशी येऊन थबकतात आणि खिशातून मोबाइल काढतात. एका गृहस्थांनी माझी अख्खी सूची उचलली, बाईंच्या शुद्धलेखनाच्या चुकेसकट. ती चूक आता त्यांच्या नावावर आहे. मला त्यांचा हेवा वाटत नाही. माझ्या पोटात काय लिहिलंय याच्याशी कुणालाच घेणंदेणं नव्हतं. चूक आहे म्हणा, बरोबर आहे म्हणा, काही तरी म्हणा! एकोणीस वर्षं कुणी काहीच म्हणालं नाही.

मग एक संशोधक मुलगी आली. पाठीवर सॅक, हातात शिसपेन्सिल, आणि ओठ हलवत वाचायची सवय. तिने मला तीन दिवस वाचलं. एकशे सातव्या पानावर ती थांबली. तिथे तळटीप होती: ‘मोलकरणींच्या नावांविषयी पाहा, प्रकरण चार.’ घाईत ती खोडायची राहिली होती. मुलीने चौथं प्रकरण उघडलं. तिथे मुखवट्यांचे नाच. पुन्हा तळटीप, पुन्हा प्रकरण चार. मला घेऊन ती ग्रंथपालांकडे गेली, पानं गळालीत का म्हणून. त्यांनी थुंकी लावून सगळी मोजली. एकही गळालं नव्हतं.

तिने शाळेतून बाईंचा पत्ता काढला. दोन आठवड्यांनी बाई आल्या. लिफ्ट बंद होती, तीन जिने चढून आल्या, पाच मिनिटं नुसत्या बसून राहिल्या. केस पांढरे, चेहरा बदललेला. मी त्यांना अंगठ्यावरून ओळखलं. पान उलटताना त्या कोपरा दुमडत नाहीत, अंगठ्याने वर सरकवतात.

मुलीने तळटीप दाखवली. बाईंनी सगळं सरळ सांगितलं, आईंची नावंसुद्धा. सरही आता हयात नव्हते, त्यांना दोष दिला नाही. “सही त्यांनी अडवली. पण पानं मी काढली.” ती पानं घरी कपाटावरच्या बॅगेत होती. बॅग एकदाही उघडली नव्हती.

मुलीने सगळं वहीत उतरवून घेतलं. मग म्हणाली, “मॅडम, रागावू नका. तिसऱ्या प्रकरणातलं तुमचं म्हणणं मला पटत नाही.”

बाई सावरून बसल्या. “बोल.”

“तुम्ही म्हणता ती एकटी बसून लिहिते तेव्हा स्वतःला सापडते. पण ती एकटी असतेच कधी? शाई कुणी आणून ठेवली? दाराशी कोण उभं आहे? पत्र नेणार कोण?”

“तेच तर मी चौथ्यात...” बाई बोलता बोलता थांबल्या. माझं तिसरं प्रकरण त्यांनी उघडलं, दोनतीन पानं वाचली, आणि मग फार हळू म्हणाल्या, “चौथं ठेवलं असतं तर हे तिसरं फाडावं लागलं असतं. मला कळलं होतं ते. सरांच्या आधी.”

मी हादरलो. एकोणीस वर्षं मी एकट्या सरांवर दात धरून होतो. आणि दुखणं माझ्याच पोटात, माझ्या सगळ्यात मेहनतीच्या पानांत होतं.

मला वाटलं आता बाई रडतील. त्या रडल्या नाहीत. खुर्ची पुढे ओढली आणि भांडायलाच लागल्या. इथे तुझं बरोबर, पण या पत्राचं काय करशील? मुलगीही हटेना. तासभर चाललं होतं. ग्रंथपाल दोनदा येऊन हळू बोला म्हणून गेले. मी दोघींच्या मध्ये उघडा पडलो होतो, कधी एकीच्या बोटाखाली, कधी दुसरीच्या. उभ्या आयुष्यात मला कुणी इतकं खोटं पाडलं नव्हतं, आणि मी इतका सुखात कधीच नव्हतो.

सोमवारी पानं घेऊन येते, असं सांगून बाई जिना उतरल्या.

शनिवारी हुकूम निघाला. सगळ्या प्रबंधांचे फोटो काढून संगणकात चढवायचे आणि कागदी प्रती तळघरात हलवायच्या. मी आता खोक्यात आहे, माझ्यावर सांडपाणी आणि त्यावर शेवाळ. सोमवारी वर काय झालं, मला ठाऊक नाही. बाई आल्या का, पानं शाबूत होती का, त्या मुलीने ती वाचून काय म्हटलं, कुणीही खाली येऊन सांगत नाही. चिडून चिडून माझी बांधणी सैल व्हायची वेळ आलीय.

तुम्ही इथवर वाचलंत म्हणून तुम्हालाच सांगतो. संगणकावर मी सापडेन, नाहीतर खोकं उघडायला सांगा. संदर्भसूचीकडे जाऊ नका. तिसरं प्रकरण उघडा. त्यात मी चुकलोय, आणि कुठे ते मला आता कळलंय. पण छापून बांधलेल्याला स्वतःला खोडता येत नाही. हातात पेन्सिल घ्या, शेजारी कोरा कागद ठेवा, आणि माझ्याशी भांडा.