पाचव्या बुडीचा निळा

सोमवारी सकाळी माझ्या सासऱ्यांनी डोळे मिटले. दचकू नका, आमच्या घरात सगळेच रोज सकाळी डोळे मिटतात. सूत रंगवायच्या आमच्या रंगशाळेच्या पूर्वेकडच्या खिडकीत बसायचं, तोंड उन्हाकडे करायचं आणि मिटल्या पापणीआड जो रंग दिसेल, त्या रंगात एक धागा रंगवून भिंतीवर टांगायचा. याला पापणीपंथ म्हणतात. उजेड सगळ्यांचा, रंग ज्याचा त्याचा, आणि रंग आहे तोवर बघणारा आहे, एवढंच त्याचं तत्त्वज्ञान. धागा जमला की त्याचा धनी ‘बसला’ म्हणतो. दुसऱ्याने त्यात तोंड घालायचं नाही.

तर सोमवारी बाबा खूप वेळ बसले आणि शेवटी म्हणाले, “काळं आहे.” उरलीसुरली नजर काचबिंदूने नेली होती. डॉक्टरांनी वर्षापूर्वीच सांगून ठेवलं होतं, तरी आम्ही आपले वेड पांघरून बसलो होतो.

पंथात रंग संपलेला माणूस आधी खिडकी सोडतो, मग हळूहळू ताट सोडतो. कुणी त्याला आग्रह करत नाही. याला मोठेपणा मानतात. मला तो शुद्ध आडमुठेपणा वाटतो, पण मला विचारतो कोण? बाबा मागच्या खोलीत जाऊन पडले ते पडलेच. चार दिवस नुसत्या चहावर. नवरा माल पोचवायला परगावी गेलेला. त्याला फोन केला तर म्हणाला, “बाबांचं बाबांना ठाऊक.” बापाच्या वळणावर गेलाय.

शुक्रवारी मी एक लबाडी केली. मंजिष्ठेच्या पातेल्यात धागा बुडवला, पिळला आणि ओलाच बाबांच्या हातात दिला.

“बाबा, तुमचा रंग मला पाठ आहे. हा घ्या आणि बसला म्हणा.”

त्यांनी धागा नाकाशी नेला. “मंजिष्ठा. म्हणजे विटकरी. तुझा रोजचा खोटा रंग मला कशाला देतेस?”

माझे कान गरम झाले. लग्न होऊन आले तेव्हापासून मी पापणीआड नीट बघितलंच नव्हतं. डोळे मिटून दिवसभराची कामं आठवायची आणि कालच्या विटकरी धाग्याचा भाऊ आज टांगायचा, असं अकरा वर्षं चाललं होतं.

“तुम्हाला कधीपासून माहीत होतं?”

“पहिल्या महिन्यापासून. ऊन तरी रोज एकसारखं असतं का पोरी?”

“मग बोलला का नाहीत?”

“दुसऱ्याच्या धाग्यात तोंड घालायचं नसतं.”

मला हसू आलं आणि पाठोपाठ रडूही आलं. हा माणूस मला हवा होता. पंथ गेला उडत. “आज खरं बघते,” मी म्हटलं, “पण तुम्ही शेजारी बसायचं. एकटीला नाही जमायचं.”

आले. भिंत चाचपत आले आणि आपल्या जुन्या स्टुलावर बसले. मी डोळे मिटले. आधी तोच विटकरी दिसला, सवयीचा. मग तो कडेने विरघळायला लागला आणि मधे पिवळं काहीतरी उमललं. त्यात बारीक हिरवे कण तरंगत होते, खाली जात होते, परत वर येत होते. मी दिसेल ते बोलत राहिले. हात कुठे आहेत, कुंडांवर किती काम पडलंय, कशाचीच आठवण राहिली नाही. आपण आतून एवढे मोठे असतो, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. म्हणजे सांगितलं होतं, अकरा वर्षं, रोज.

“थांब,” बाबा म्हणाले. “तुझा पिवळा मला दिसत नाही. मला निळं दिसतंय.”

मी डोळे उघडले. त्यांचे मिटलेलेच होते. “उजेड येतोय का?”

“कणभरही नाही. तरी निळं आहे.” त्यांनी पापणीवरून बोट फिरवलं. “उजेडावाचून रंग नाही, असं मी चाळीस वर्षं शिकवलं.”

“मग आता पंथाचं काय?”

“बघू. आधी निळीच्या कुंडाचं झाकण काढ. चौथ्या बुडीचा निळा आहे, जरासा राखाडीकडे झुकलेला. आणि काहीतरी खायला दे.”

मी वाडग्यात दूध-पाव कुस्करून दिला. ते खात राहिले, मी धागा बुडवत राहिले. कुंडातून तो दर वेळी हिरवा निघायचा आणि हवा लागली की डोळ्यांदेखत निळा व्हायचा. चार बुड्या झाल्या.

“बसला का?” बाबांनी विचारलं.

“धागा तुमचा. मी कशी सांगू?”

“मला दिसतो तो मी तुला सांगितला. आता तुला दिसतो तो तू सांग.”

‘बसला’ म्हणणं सोपं होतं. त्यांना बरं वाटलं असतं, आणि खोटं बोलायचा सराव माझा दांडगा. मी धागा खिडकीत धरला, डोळे मिटून त्यांनी सांगितलेला निळा आठवला आणि पुन्हा बघितलं.

“नाही बसला, बाबा. फिका आहे. अजून एक बुडी लागेल.”

त्यांनी रिकामा वाडगा चाचपून माझ्याकडे सरकवला. “मग तोवर मलाही अजून थोडं वाढ.”