केहिंदेचा जोडगळा

केहिंदेला आख्खं इबादान शहर डोक्यावर घेऊन नाचायचं, आणि मी त्याच्या मागं काखेत ढोल दाबून उभा असायचो. गाणारा तो, त्याच्या शब्दाला ढोलातून उत्तर देणारा मी. नाव आयानवाले. आमच्या घराण्यात जन्मलेलं पोर दुसरं काही करतच नाही.

केहिंदे जुळ्यांतला, मागाहून जन्मलेला. आमच्याकडे तोच थोरला मानतात, धाकट्याला जग चाखून बघायला पुढं पाठवणारा. त्याचा भाऊ ताईवो तान्हा असतानाच गेला. आमच्याकडे गेलेल्या जुळ्याची लाकडी मूर्ती करून घेतात, आणि मागं राहिलेल्याला जे मिळेल ते तिलाही देतात. त्यांच्या आईनं, तिला आम्ही सगळेच इया म्हणतो, त्यात कधी कसूर केली नाही. केहिंदेला चवळीची उसळ, तर मूर्तीच्या ओठांनाही उसळ. केहिंदेला शाळेचा सदरा, तर मूर्तीलाही टीचभर सदरा.

पहिली कॅसेट निघाली तेव्हा तिच्यात दोन आवाज ऐकू आले. गायला एकटाच होता, मी तिथंच होतो. रेकॉर्डिंगवाल्यानं यंत्र उघडून पाहिलं आणि हात टेकले. लोकांना मात्र तो जोडगळा इतका आवडला की टॅक्सीत, न्हाव्याकडं, बाजारात दुसरं काही वाजेना. "ती माझी युक्ती आहे," असं केहिंदे सांगत सुटला. मी मान डोलावली. ढोलवाल्यानं मालकाला खोटं पाडलं तर खायचं काय?

मग केहिंदेचा लेगॉसला बंगला झाला आणि त्याच्या पोरीचं लग्न ठरलं. समारंभात घरचे सगळे एकाच कापडाचे कपडे घालतात. ज्याच्या अंगावर ते नाही, तो घरचा नाही. केहिंदेनं निळी लेस आणली आणि आम्हा वाजवणाऱ्यांनासुद्धा वाटली.

इयानं विचारलं, "आणि ताईवोचं?"

"इया, व्याह्यांसमोर बाहुली मिरवणार आहेस का?"

"वीतभर दे. मी शिवते."

"कापड संपलं."

"ड्रायव्हरला बरं मिळालं!"

"ड्रायव्हर गाडी चालवतो. लाकूड काय चालवतं?"

सगळे खो खो हसले. इया उठून इबादानला निघून गेली, ती लग्नाला आलीच नाही.

लग्नात भर दुपारी, जेवणाची ताटं उचलल्यावर, केहिंदे गायला उभा राहिला. त्यानं तोंड उघडलं आणि आवाज त्याच्या डाव्या बाजूनं आला. दोन नव्हे, एकच. केहिंदेनं घाबरून तोंड मिटलं, तरी गाणं चालूच. माझे हात थांबेनात.

व्याही नाचत पुढं आला, रीतीप्रमाणं गवयाच्या कपाळावर नोट चिकटवायला. त्यानं ती केहिंदेपासून हातभर डावीकडं, मोकळ्या हवेत चिकटवली. नोट खाली पडली नाही. मग बायका आल्या आणि त्या रिकाम्या जागेपुढं कमरेत वाकून नाचू लागल्या. केहिंदे धडपडत मध्ये शिरला, तर एका जाडजूड काकूनं त्याला कोपरानं बाजूला सारलं.

"सरक रे मेल्या! गवयाला गाऊ दे."

दुसऱ्या दिवशी मी त्याला इबादानला घेऊन आलो. त्याच्या घशात नुसती कुजबुज उरली होती. निळ्या लेसचा उरलेला अख्खा तागा त्यानं इयाच्या पायाशी टाकला.

"त्याला सांग ना, इया. हवं ते देतो. माझा गळा तेवढा परत दे म्हणावं."

मूर्ती मांडीवर घेऊन इया बराच वेळ हळू आवाजात बोलत राहिली. मग तिनं मान वर केली. तिचे डोळे लाल झाले होते.

"मी पदर पसरला रे. तो म्हणतो, तू थोरला, जग कसं आहे ते चाखायला मला पुढं पाठवलंस. मागाहून आलास आणि सगळं एकट्यानं खाल्लंस. इतकी वर्षं मी तुझ्यामागं गायलो. आता तू गप्प राहा."

"आणि तू? तू काय म्हणालीस?"

"मी दोघांची आई आहे," इया म्हणाली आणि रडायला लागली.

शनिवारी ओशोग्बोला कार्यक्रम होता. केहिंदे आला. न येऊन करतो काय, तेवढंच एक काम त्याला येत होतं. समोर उभा राहून तो नुसते ओठ हलवत राहिला, गाणं त्याच्या डावीकडून येत होतं आणि त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. लोक म्हणाले, काय जीव ओतून गातो! खोटं कशाला बोलू, इतकं चांगलं गाणं त्याला जन्मात जमलं नव्हतं. त्यानं वळून माझ्याकडं पाहिलं, निदान मी तरी त्याला उत्तर द्यावं म्हणून.

मी ढोल सावरला आणि डावीकडं सरकलो.