चार ओळींची साक्ष

"पुकारा झाला, उठा," वकिलांनी कोपराने ढोसलं, आणि मोजणीमास्तर आरोपीच्या कठड्यात जाऊन उभा राहिला. न्यायाधीशांच्या खुर्चीकडे पाहिलं तर साहेब नव्हते. तिथे चष्म्याच्या काचा पुसत एक बाई बसल्या होत्या.

"आधीच्या साहेबांची बदली झाली," वकील पुटपुटले. "घाबरू नका. साक्षी झाल्यात, फक्त निकाल बाकी आहे. मॅडमना म्हणू, जुन्या नोंदींवरच निकाल द्या."

मोजणीमास्तर हे काही त्याचं खरं नाव नव्हे. इस्पितळाच्या धुलाईखात्यात त्याने एकतीस वर्षं काढली होती, आणि पाळी बदलताना आधीच्या माणसाने मोजलेल्या चादरी स्वतः पुन्हा मोजल्याशिवाय त्याने कधी सही केली नव्हती. लोक वैतागायचे. "अरे बाबा, आत्ताच मोजल्यात!" हा म्हणायचा, "तू मोजल्यास. मी नाही." अशा माणसावर चोरीचा आळ यावा, याला काय म्हणायचं!

झालं होतं एवढंच. एका रुग्णाच्या सदऱ्याच्या खिशात मनगटी घड्याळ सापडलं, जुनं, किल्लीचं. सापडलेल्या वस्तू ठेवायच्या पेटीची चावी मुकादमाकडे, आणि मुकादम रजेवर. याने वॉर्डातल्या सिस्टरना घड्याळ दाखवलं, वहीत लिहून ठेवा म्हणून सांगितलं, आणि ते आपल्या खिशात जपून ठेवलं. बंद पडू नये म्हणून चार दिवस रोज सकाळी त्याला किल्ली दिली. पाचव्या दिवशी फाटकावर झडती झाली आणि घड्याळ खिशात टिकटिकत सापडलं. वहीत नोंद नव्हती. गाढवाने शहाणपणा केला की असंच होतं, असं तो स्वतःलाच म्हणायचा.

त्याला तीन वर्षं लोटली. मधल्या काळात त्याचा निवृत्तीचा दिवस निलंबनातच उलटला. कुणी निरोपाचे दोन शब्द बोललं नाही. आता नोकरी परत मिळायची नव्हतीच. एकदा कुणीतरी 'हा चोर नाही' एवढं म्हणावं, म्हणून तो इथे खेटे घालत होता. सिस्टरनी साक्ष दिली तेव्हा साहेबांनी पेन खाली ठेवून त्याच्याकडे नीट पाहिलं होतं. त्या एका नजरेवर त्याने सात महिने काढले. आणि ती नजर घेऊन साहेब बदलीच्या गावी निघून गेले.

"आमची हरकत नाही, सरकारी वकिलांचीही नाही," वकील सांगत होते.

"हरकतीचा प्रश्नच नाही," बाई म्हणाल्या. "हा संक्षिप्त खटला आहे. अशा खटल्यात साक्ष शब्दन् शब्द लिहीत नाहीत, नुसता सारांश लिहितात. सिस्टरच्या साक्षीच्या इथे चार ओळी आहेत. ऐका. 'घड्याळ दाखवले. नोंद केली नाही.' कुणी केली नाही? का केली नाही? ज्यांनी ऐकलं ते गेले. मी ऐकलेलं नाही. सगळं पुन्हा होईल."

बाहेर आल्यावर मोजणीमास्तरच्या लेकीचा पारा चढला. "पुन्हा? सिस्टरना आता धड चालता येत नाही, काल काय जेवल्या ते आठवत नाही! बाबा, तुम्ही गप्प कसे बसलात?"

"काय बोलू?" तो बाकावर टेकत म्हणाला. "त्या मोजल्याशिवाय सही करत नाहीत." त्याला हसायचं होतं, पण हसू आलं नाही. जन्मभर दुसऱ्यांना ज्यावरून पिडलं, ते असं आपल्याच अंगावर येईल असं त्याला वाटलं नव्हतं. थकवा मात्र पार हाडांपर्यंत गेला होता.

दोन महिन्यांनी सिस्टर आल्या, मोजणीमास्तरच्या लेकीच्या हाताला धरून. सरकारी वकिलांनी विचारलं, कोणता महिना? आठवत नाही. घड्याळ कसलं होतं? तेही आठवत नाही.

"मग आठवतं काय तुम्हाला?"

सिस्टर कठड्याला धरून उभ्या राहिल्या. "हे म्हणाले, सिस्टर, वहीत लिहा. मी म्हटलं, लिहिते. आणि मी विसरले. बाकी सगळं विसरायला होतं हो, तेवढंच विसरता येत नाही." त्यांना रडू आलं.

मग लाखेचं सील फोडून घड्याळ काढलं. "हेच का?" बाईंनी विचारलं. मोजणीमास्तरने ते हातात घेतलं, आणि कुणी अडवायच्या आत त्याच्या अंगठ्याने किल्लीला चार-पाच वेढे दिले.

"अहो! मुद्देमाल आहे तो!" कारकून ओरडला.

"बघा मॅडम," सरकारी वकील म्हणाले, "हात कसा सरावलाय."

"का दिली किल्ली?" बाईंनी विचारलं.

"बंद होतं, मॅडम. ज्याचं आहे तो न्यायला येईल तेव्हा चालू नको का?"

बाईंनी पेन खाली ठेवलं. त्याच्याकडे पाहिलं. कारकून रोजनामा उघडून म्हणाला, "निकालाला पुढल्या महिन्याची बारा तारीख आहे, मॅडम."

"मॅडम," मोजणीमास्तर हात जोडून म्हणाला, "तोवर इथे तुम्हीच असाल ना?"

कुणीतरी मागे फिसकन हसलं. बाई हसल्या नाहीत. "आज," त्या म्हणाल्या. "चार वाजता."

चार वाजता निकाल लागला. निर्दोष. वाचायला मिनिटभरही लागलं नाही. सिस्टरना ऐकू आलं नाही, म्हणून लेकीने त्यांच्या कानात पुन्हा सांगितलं.

कारकून घड्याळ पाकिटात घालत होता. मोजणीमास्तर टेबलाशी घुटमळला. "न्यायला कोण येणार?"

"ज्यांचं होतं ते गेल्या वर्षी वारले. मुलगा आला तर येईल."

"मग तोवर रोज सकाळी किल्ली द्याल का?"

कारकुनाने मान वर करून त्याच्याकडे पाहिलं आणि पाकिटाच्या तोंडावर लाख ओतली. मोजणीमास्तरने सिस्टरचा हात धरला आणि जिना उतरायला लागला. उद्या सकाळपर्यंत तरी ते घड्याळ चालणार होतं.