कोतवालाच्या बुकातली कमला

“साहेब, पाच वर्षं ज्याले तुम्ही माननीय म्हणून सलाम ठोकला, तो मानूस आज परका कसा झाला? तुम्ही बेइमानी करून राह्यले!”

वर्ध्याच्या कचेरीत जिजाबाईनं दारातूनच, उमेदवारांचे अर्ज तपासणाऱ्या साहेबाला झोडपलं. शिपाई अडवायला धावला, त्याला तिनं कोपरानं बाजूला सारलं. साहेबाचा टाक हवेतच थांबला. त्याचं नाव कशाला सांगा. तिथं माणूस नव्हता, खुर्ची होती.

सत्तावन्नची निवडणूक तोंडावर आली होती. होतचंद लाल बावट्याचा उमेदवार. कराचीच्या गोदीतला हा हमाल फाळणीत इकडे आला, अल्लीपूरच्या जिनात, कापूस पिंजायच्या कारखान्यात, सरकीची पोती भरू लागला आणि पुढे मजुरांनी त्याला थेट दिल्लीच्या संसदेत पाठवला. आता त्याचाच अर्ज अडवला होता. विरोधकाचे वकील मधुकरराव म्हणत होते, हा अठ्ठेचाळीसच्या जुलैनंतर आला, नोंदणी केली नाही, म्हणजे हा इथला नागरिकच नाही. त्याआधीचा कागद असेल तर दाखवा. मुदत तीनपर्यंत.

होतचंद बाकावर बसला होता. जिजाबाईला पाहून तो दचकला.

“बाई, तू काऊन आली? पाळण्यातल्या पोरायजवळ कोन हाये?”

“वच्छला हाये. तू चूप बैस, भाऊ. दिल्लीत लय बोलला. आता मी बोलतो.”

मधुकरराव हसले. “तूही कराचीची का गं?”

“मी कुठची तेच समजून नाई राह्यलं, वकीलसाहेब. दसऱ्याले धर्म बदलला, दिवाळीले राज्य बदललं. मध्य प्रदेशात झोपली अन् मुंबई राज्यात उठली, खाटेवरून न हलता! माह्यावर कवा हरकत घेता?”

मागं उभे असलेले जिनवाले खो-खो हसले. तिनं मात्र पदराची गाठ सोडली आणि घडी घातलेला कागद साहेबापुढं ठेवला. काल अर्ज अडकल्याचं कळलं, तशी ती कोतवाल तानबाच्या दारात बसली होती आणि त्याच्या जन्ममृत्यूच्या बुकातल्या एका पानाची सहीची नक्कल घेऊनच उठली होती. नऊ वर्षं त्या पानाकडे जायची तिची छाती झाली नव्हती.

नऊ वर्षांमागं जिनातल्या बायका तान्ही लेकरं कापसाच्या ढिगाशेजारी निजवत. एक दिवस ढीग घसरला. जिजाबाईची पाच महिन्यांची कमला खालून काढली, तेव्हा तिच्या नाकातोंडात रुई होती. मुनीम म्हणाला, घरी मेली म्हण आणि पुरून टाक. सगळे मुनिमाच्या तोंडाकडे बघत राहिले. हा नवखा होतचंद, ज्याला मराठीत धड भाकर मागता येत नव्हती, तो एकटा कोतवालाकडे गेला आणि खरं तेच लिहवून आला. त्याच संध्याकाळी त्याची रोजी गेली.

संसदेत त्याचं पहिलं भाषण झालं ते याच लेकरांवर. पुढं भांडून-भांडून त्यानं जिनाला पाळणाघर बांधायला लावलं. आज तिथं चौदा पाळणे आहेत आणि दोऱ्या जिजाबाईच्या हातात. रोज संध्याकाळी एकेक लेकरू जिवंत, उबदार, आईच्या ओटीत देताना तिला हा माणूस आठवतो. आभार तिनं कधी बोलून दाखवले नाहीत. दर पोळ्याला जेवायला बोलावलं, आग्रह करून वाढलं.

“भाऊ, हे बुकात हाये, तुले ठाऊक होतं. वकिलाले काऊन नाई सांगतलं?”

होतचंदनं मान खाली घातली. “तुझी पोर हाये, बाई. माझ्या इलेक्शनसाठी तिले कशाला उकरू?”

जिजाबाईनं कागदाची घडी उलगडली. साहेब पुटपुटत वाचू लागला : “मयत कमला, वय पाच महिने. कारण, जिनात कापसाखाली. खबर देणार होतचंद, राहणार जिनाची चाळ. अकरा मार्च, एकोणीसशे अठ्ठेचाळीस.”

“कोतवालाचं खरडणं हे!” मधुकरराव उसळले. “याला काय पुरावा म्हणतात?”

साहेबानं कागद वकिलाकडे सरकवायला हात उचलला. जिजाबाईनं त्यावर तळवा ठेवला. लेकराच्या पाठीवर ठेवावा तसा, अलगद.

“माही पोर मेली, हे तुमच्या सरकारनं खरं मानलं नं, साहेब? मंग ते सांगाले गेलता तो मानूस खोटा कसा? वकिलाकडं नोका पाहू. माह्याकडं पाहा, अन् बोला.”