भालसुळक्याच्या पायथ्याशी

माघाची दुपार. निर्मळ, निरभ्र, निर्जन. नाशिकच्या त्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात ऊन पाय न वाजवता आले आणि शरयूबाईंच्या शेजारी रिकाम्या कोचावर बसून राहिले. दुसरे कोण बसणार तिथे? मधुसूदनरावांना जाऊन नऊ वर्षे झाली.

समोरच्या भिंतीवर भलामोठा टीव्ही. भालसुळक्याच्या पहिल्या चढाईचा चाळीस वर्षांपूर्वीचा माहितीपट गिर्यारोहण मंडळाने लख्ख करून पाठवला होता. जुनी प्रत कसली ती! धुके, धुरळा, आणि त्या धुरळ्यात माथ्यावर हलणारा एक लाल ठिपका. तो ठिपका म्हणजे मधुसूदन. लाल हेल्मेट त्याचेच ना! शरयूबाईंनी ते गल्लीभर सांगितले, सासरी सांगितले, माहेरी तर ऊर भरभरून सांगितले. "भालसुळक्यावर पहिलं पाऊल आमच्या ह्यांचं!" आणि 'हे'? नुसते हसायचे.

आज त्यांना एकच हवे होते. माथ्यावरचा तो चेहरा, स्वच्छ, एकदा. नऊ वर्षांत आठवणीतला चेहरा पुसट होत चालला होता, आणि त्याची त्यांना फार भीती वाटे.

चित्र उमलले. अहाहा! नीलनितळ आकाश, ताम्रवर्ण कातळ, भेगेभेगेतले गवत, गवताच्या टोकावरचे दहिवर. दगडाचा कण न् कण दिसत होता. लाल हेल्मेट वर सरकत होते. वर, अजून वर, उन्हाच्या शुभ्र धारेपर्यंत. माथा आला. त्याने हात उंचावला, मान वळवली.

मोकाशी. मधुसूदनच्या चमूतला वसंत मोकाशी. मिशांसकट मोकाशी!

शरयूबाईंनी तडक मोकाशींना फोन लावला. "भावजी, वर तुम्ही होतात?"

मोकाशी म्हणाले, "हो, वहिनी. सगळ्यांत मिळून धड हेल्मेट एकच, आपल्या मध्याचं. आणि मंडळाची रीतच होती, पुढे चढेल त्याच्या डोक्यावर चांगलं हेल्मेट. त्यानं आपलं काढून मला घातलं."

"आणि मी चाळीस वर्षं गावभर दवंडी पिटत राहिले! सांगायचंत की हो!"

"तो म्हणायचा, तिचा आनंद आहे, राहू दे. दोर त्याच्या हातात होता म्हणून मी वर गेलो, वहिनी. खाली बघा. डाव्या कोपऱ्यात."

फोन ठेवला. राग आला, लाज वाटली, रडू फुटले. आणि भांडायला समोर माणूस नाही, ह्याचे दुःख त्या साऱ्याहून मोठे होते. "अहो, मला तरी सांगायचंत," त्या कोचाला म्हणाल्या. कोच कसला बोलतोय!

त्यांनी चित्र मागे नेले. डाव्या कोपऱ्यात, श्यामल सावलीच्या तळाशी, उघड्या डोक्याचा एक तरुण. कमरेभोवती दोर, दोन्ही मुठींत दोर. सत्तावीस वर्षांचा मधुसूदन! कपाळावरचा घाम दिसत होता, भुवईतला व्रण दिसत होता. इतकी वर्षे त्या कोपऱ्याकडे शरयूबाईंनी पाहिलेच नव्हते. त्यांनी चित्र थांबवले.

पण तो त्यांच्याकडे पाहत नव्हता. त्याची नजर वर, निश्चल, निर्निमेष, चौकटीच्या वरच्या कडेपलीकडे. चढणाऱ्यावर. तिथे, टीव्हीच्या वर, नुसती पांढरी भिंत होती.

शरयूबाई उठल्या. स्वयंपाकघरातले स्टूल आणून त्यांनी टीव्हीच्या डाव्या अंगाला भिंतीशी लावले. पासष्टाव्या वर्षी, गुडघ्यांची कुरकुर न ऐकता, एक पाय ठेवला. दुसरा ठेवला. तळवे भिंतीवर, श्वास उरात. स्टूल डुगडुगले. एरवी त्यांनी देवाचा धावा केला असता.

मग त्या तसूतसूने कलल्या, त्याची नजर जिथे जात होती तिथे आपला चेहरा नेला, आणि खाली पाहिले.

"चढले हो," त्या म्हणाल्या.

उन्हात, उंचीवर, एकान्ताच्या अगदी टोकावर त्या उभ्या होत्या. आणि खाली, डोळे वर लावून, त्यांच्यासाठी, तो दोर धरून होता.