तालमीपुरती

ऑर्केस्ट्राचा कंडक्टर विश्वजीतनं फोन खाली ठेवला आणि पाहुणे येत नसल्याचं सांगितलं. मुंबईहून एकल वादनासाठी येणाऱ्या व्हायोलावादकांना सकाळपासून ताप होता. कोथरूडच्या त्या शाळेच्या सभागृहात लोक येऊन बसायला लागले होते. अकराला कार्यक्रम, तोही ऑर्केस्ट्राच्या पंचविशीचा.

पंचवीस वर्षांत या चौदा जणांच्या ऑर्केस्ट्रानं चर्चमध्ये वाजवलं, मॉलच्या उद्घाटनाला वाजवलं, जेवणावळीतल्या भांड्यांच्या आवाजात रिसेप्शनला वाजवलं. करोनात प्रत्येकानं आपापल्या घरून मोबाइलसमोर वाजवलं. कित्येक जण परदेशी गेले, नवे आले. शेवटच्या खुर्चीवर व्हायोला वाजवणारी प्रियदर्शनी मात्र तिथेच होती. पोस्टात नोकरी, रविवारी तालीम. तिचे वडील नागपूरहून येऊन खडकीच्या कारखान्यात लागले होते, सुट्टीला बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवत. नोटेशन त्यांनीच शिकवलं. ऑर्केस्ट्रात तिला सगळे नुसतं प्रिया म्हणत.

पाहुण्यांची मुख्य रचना गाळू या, असं विश्वजीत म्हणाला.

"मी वाजवते," प्रियदर्शनी म्हणाली. "महिनाभर तालमीत त्यांच्या जागी मीच वाजवतेय."

"ते तालमीपुरतं होतं, प्रिया."

"सूर तेच आहेत ना?"

विश्वजीतनं तिच्याकडे पाहिलं आणि होकारार्थी मान हलवली.

पहिल्या दोन ओळी तिनं जपून वाजवल्या. मग मागून चेलोची साथ आली, आणि तिला आपण रविवारच्या तालमीतच आहोत असं वाटलं. संथ भागात सभागृहात कोणी खोकलंसुद्धा नाही. शेवटचा द्रुत भाग तिनं तालमीपेक्षा वेगात घेतला. विश्वजीत हसत तिच्या लयीमागे धावला. संपलं तेव्हा लोक उभे होते. टाळ्या थांबेनात, म्हणून तो भाग पुन्हा वाजवावा लागला.

कार्यक्रमानंतर शनिवार पेठेतले तात्याराव तिच्याकडे आले. हे पहिल्या कार्यक्रमापासूनचे श्रोते. दर वेळी न चुकता एक तरी तक्रार करत. आज त्यांनी फक्त कार्यक्रमपत्रिका पुढे केली. पाहुण्यांच्या नावावर पेनानं रेघ मारलेली होती.

"पंचवीस वर्षं बघतोय तुम्हाला," ते म्हणाले. "नाव विचारायचं राहूनच गेलं. काय लिहू?"

"प्रियदर्शनी रावसाहेब गजभिये."

तात्यारावांनी चष्मा लावला. "सावकाश सांगा," ते म्हणाले, आणि खुर्चीत बसून पत्रिका गुडघ्यावर ठेवून लिहू लागले.